दैनंदिन मालिकेचं लेखन: रोजचा रतीब नेमका कसा घातला जातो?

कोरा_कागद
मालिकांवर धागे उदंड आहेत, पण बहुतेकांचा सूर "अजून किती पाणी घालाल" एवढाच. हा धागा टोमण्यांसाठी नाही. एकांकिका लिहिणाऱ्या बऱ्याच जणांना मालिकेत लिहायचं असतं, पण तिथलं काम काय असतं याची कल्पना नसते. जाणकारांनी सविस्तर लिहावं: एक भाग कागदावर कसा येतो, कोण काय लिहितं, किती दिवस आधी, कुठे फसतं, करारात काय बघायचं आणि आत शिरायचं कुठून. हिंदीचं नको, मराठीपुरतंच बोलू.

घोडबंदर
आधी हिशेब, मग कला.

स्लॉट अर्ध्या तासाचा. केबल टीव्हीच्या नियमांनुसार तासाला १२ मिनिटं जाहिराती: १० धंद्याच्या आणि २ वाहिनीच्या स्वतःच्या. म्हणजे अर्ध्या तासात ६ गेली. उरलेल्या २४ मिनिटांतून शीर्षकगीत, मागच्या भागाची झलक आणि 'पुढील भागात' वजा करा. लेखकाच्या वाट्याला २० ते २२ मिनिटं येतात. सोमवार ते शनिवार सहा भाग धरले तर आठवड्याला १२० ते १३२ मिनिटं. दर आठवड्याला एक अख्खा चित्रपट, आणि वर्षाला ३१२ भाग. 'चार दिवस सासूचे' २००१ ते २०१३ चालली, तीन हजारांवर भाग झाले. हा आकडा डोळ्यांसमोर ठेवला की बाकीच्या गोष्टी आपोआप कळतात.

एवढं एका हाताने होत नाही. म्हणून श्रेयनामावलीत कथा, पटकथा, संवाद अशी वेगळी नावं दिसतात. दुसऱ्या भाषेतून घेतलेली मालिका असेल तर 'मूळ कथा' वेगळी आणि इथल्या लेखकाला 'कथाविस्तार'. काम उतरतं ते असं:

सुरुवातीला लांबचा आराखडा. पुढच्या तीन महिन्यांत कोणता ट्रॅक (कथानकाचा एक धागा) उघडणार आणि कुठे संपणार, हे चार-पाच पानांत. त्यातून पंधरवड्याचा ट्रॅक. त्यातून प्रत्येक भागाचा वनलाइनर, म्हणजे भागात काय घडतं आणि तो कुठे तुटतो, दहा-बारा ओळींत. हा निर्मिती संस्थेचे क्रिएटिव्ह (गोष्टीवर देखरेख करणारी मंडळी) वाचतात, मग वाहिनीचे ईपी (एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर) वाचतात. तिथे हिरवा कंदील मिळाला की पटकथाकार पाच ते आठ सीन पाडतो. प्रत्येक सीनला स्थळ, दिवस की रात्र, आत की बाहेर, हजर पात्रं, सीन कशासाठी आहे आणि कोणत्या वाक्यावर किंवा कृतीवर संपतो. ते पुन्हा मंजुरीला. शेवटी संवाद.

वनलाइनर मंजूर नसताना संवाद लिहायला घेणं ही नवख्यांची पहिली चूक. वरून एक ओळ बदलली की खालची अठरा पानं रद्दी.

तिसरी_घंटा
छान लिहिलंय. एक शंका. पटकथा आणि संवाद वेगळ्या माणसांकडे दिल्याने सूर तुटत नाही का? नाटकात असं कोणी करणार नाही.

घोडबंदर
तुटतो की. पण दोन माणसं असल्यामुळे संवादलेखक सोमवारचा भाग लिहीत असताना पटकथाकार पुढच्या शनिवारच्या सीनवर बसलेला असतो. एकच माणूस दोन्ही करतो तेव्हा दोन-तीन महिने मालिका सुंदर दिसते, मग तो आजारी पडतो.

संवादाच्या लांबीचा अंदाज: एका पानाला साधारण एक मिनिट. नुसतं बोलाचालीचं भांडण असेल तर पान लवकर संपतं, प्रत्येक वाक्यावर सगळ्यांचे चेहरे फिरणार असतील तर अर्ध्या पानात मिनिट जातं. हे चुकलं की दोन प्रकार होतात. भाग कमी भरला तर संकलक जुन्या आठवणींची दृश्यं आणि स्लो मोशन घालून वेळ भरतो, आणि प्रेक्षक शिव्या लेखकाला देतात. भाग जास्त भरला तर शेवटचा सीन उद्यावर ढकलला जातो. मग ज्या सीनवर भाग तुटायला हवा तो उद्याच्या पहिल्या तीन मिनिटांत वाया जातो आणि आजचा भाग चहाच्या कपावर संपतो. दुसरा प्रकार जास्त घातक.

पडद्यामागे
+१. यात 'बँक' राहिली. चित्रीत होऊन प्रक्षेपणासाठी तयार असलेले भाग म्हणजे बँक. सहा-सात भागांची बँक असेल तर सगळे माणसांसारखे बोलतात. दोनवर आली की दुसरं युनिट लागतं, दोन फ्लोअरवर एकाच वेळी चित्रीकरण, आणि लेखकाकडे मागणी येते: या युनिटला एक जोडी, त्या युनिटला दुसरी, दोन्हींत सामाईक पात्र नको. एकावर आली की संवाद सेटवर फोनवरून जायला लागतात. कलाकार मेकअप करून बसलेले आणि पान नाही, ही अवस्था ठाणे-मीरा रोडच्या कोणत्याही सेटला अपरिचित नाही.

बँक टिकवायची तर वनलाइनर प्रक्षेपणाच्या निदान दोन आठवडे आधी मंजूर हवेत आणि संवाद चित्रीकरणाच्या दोन-तीन दिवस आधी हातात. त्याचं कारण निर्मिती व्यवस्थापक कागदाचा उपयोग वेगळाच करतो. तो भाग क्रमाने चित्रित करत नाही. चार भागांतले दिवाणखान्याचे सगळे सीन एका दिवशी, स्वयंपाकघराचे दुसऱ्या दिवशी. चारपैकी एका भागाचा कागद आला नाही तर उरलेल्या तिन्हींचं वेळापत्रक विस्कटतं.

घोडबंदर
आणि तारखा! मालिकेचा लेखक पात्रांवर लिहीत नाही, तारखांवर लिहितो. आईचं काम करणाऱ्या कलाकाराने महिन्यातले १२ दिवस दिलेत, नाटकाचे दौरे शनिवार-रविवारी, तर आईचे सगळे मोठे सीन त्या १२ दिवसांत बसले पाहिजेत. दर महिन्याच्या सुरुवातीला तारखांचा तक्ता मागून घ्यायचा आणि वनलाइनरच्या शेजारी ठेवायचा. पात्र अचानक गावी जातं, देवदर्शनाला जातं, कोमात जातं, ते बहुतेक वेळा तारखांमुळे.

बालकलाकार असेल तर कायदा आहे. बालकामगार कायद्याच्या नियमांप्रमाणे (२०१७ ची दुरुस्ती) मुलाकडून दिवसाला ५ तासांपेक्षा जास्त काम घेता येत नाही, आणि विश्रांतीशिवाय सलग ३ तासांपेक्षा जास्त नाही. लहान मुलगी नायिका असलेल्या मालिकेत प्रत्येक सीन तिच्यावर लिहिला तर चित्रीकरण होणारच नाही. भागात तिचे दोन, फार तर तीन सीन. बाकीच्या सीनमध्ये मोठी माणसं तिच्याबद्दल बोलतात.

हातात असलेल्या माणसांवर लिहायचं याचं टोक २०२१ मध्ये दिसलं. एप्रिलमध्ये महाराष्ट्रात चित्रीकरण थांबलं, बऱ्याच मालिकांनी बिऱ्हाड गोव्याला हलवलं आणि मेच्या पहिल्या आठवड्यात गोव्यानेही परवानगी काढून घेतली. त्या काळात अख्खं कुटुंब एकदम बंगल्यावर राहायला का गेलं, याचं कारण लेखकाला एका रात्रीत शोधावं लागे.

सुमीमावशी
आम्ही नुसते प्रेक्षक. एवढे तक्ते आहेत तर मग सकाळी निळी साडी आणि जिना उतरेपर्यंत हिरवी, हे कसं होतं बुवा?

पडद्यामागे
मावशी, साडी लेखकाच्या खात्यात येत नाही, पण थोडा दोष त्याचाही असतो. सीनच्या डोक्यावर 'दिवस' एवढंच लिहिलं की कंटिन्युटी बघणारा सहायक 'कोणता दिवस' ते ठरवू शकत नाही. म्हणून 'कथेतला दिवस ३, सकाळ' असं लिहावं. दिवस ३ चे सगळे सीन वेगवेगळ्या तारखांना चित्रित झाले तरी कपडे एकच राहतात.

मुख्य विषयाकडे, म्हणजे पाण्याकडे.

पाणी घालणं हा शब्द दोन वेगळ्या गोष्टींना वापरला जातो. एक म्हणजे नुसतं लांबवणं: आणीबाणीत केलेलं, भाग भरायला. दुसरं म्हणजे माहिती थेंबाथेंबाने सोडणं. ते कसब आहे. समजा एक गुपित आहे आणि घरात आठ माणसं. एका सीनमध्ये सगळ्यांना कळलं तर गोष्ट एका भागात संपली. एकेकाला कळत गेलं तर कमीत कमी आठ भाग. शिवाय 'ज्याला कळलंय तो ज्याला कळलं नाही त्याच्यापासून लपवतोय' अशा जोड्या मोजा, मग महिनाभराचं सामान सहज निघतं. प्रेक्षक कंटाळतो तो नव्या माणसाला कळूनही काही बदलत नाही तेव्हा. नियम सोपा आहे: ज्याला कळेल त्याने त्याच भागात काहीतरी करायला हवं. गप्प बसायचं ठरवलं तर त्या गप्प बसण्याची किंमतही दिसायला हवी.

यासाठी एक तक्ता ठेवावाच लागतो. आडवी पात्रं, उभी गुपितं, चौकटीत भाग क्रमांक: अमुकला तमुक गोष्ट भाग १४३ मध्ये कळली. चौकट रिकामी म्हणजे अजून माहीत नाही. हा तक्ता नसला की भाग २१० मध्ये सासू अशा गोष्टीवरून चिडते जी तिला माहीतच नाही. संवादलेखक बदलताना ही चूक हमखास होते, कारण नवा माणूस मागचे दोनशे भाग बघत नाही. त्याला हा तक्ता आणि मागच्या महिन्याचे वनलाइनर द्या, बास.

आता टीआरपी. टीआरपी मोजणाऱ्या बार्क या संस्थेचा आठवडा शनिवार ते शुक्रवार, आकडे पुढच्या गुरुवारी. म्हणजे गुरुवारी जे कळतं ते सहा ते बारा दिवस जुन्या भागांबद्दल. तोवर पुढचे सहा भाग चित्रित, त्यापुढचे सहा लिहून तयार. आकडा पडला म्हणून आज ठरवलेला बदल पडद्यावर यायला दहा-बारा दिवस जातात. तोपर्यंत दुसरा गुरुवार येतो, त्याचा आकडा जुन्याच ट्रॅकचा असतो आणि घाबरून नवा बदल मागितला जातो. अर्धवट सोडलेले ट्रॅक याच घाईचे बळी असतात. शहाणा कथालेखक गुरुवारच्या बैठकीला दोन पर्याय घेऊन जातो. एक म्हणजे चालू ट्रॅक लवकर कसा संपवता येईल, दुसरा म्हणजे त्यातच नवी कळ कुठे फिरवता येईल. हात हलवत जाणाऱ्याला दुसऱ्याने सुचवलेलं लिहावं लागतं.

प्रोमोचं राहिलंच. वाहिनीला प्रोमो आधी हवा असतो. कानाखाली मारल्याचा प्रोमो रविवारी लागला की लेखकाला शनिवारपर्यंत त्या कानाखालीशी पोहोचावंच लागतं, पात्राचा स्वभाव काहीही असो. म्हणून प्रोमोची संहिता संवादलेखकानेच लिहावी असा आग्रह धरावा. निदान वाक्यं तरी आपली असतील.

वऱ्हाडी_ठेचा
संवादांबद्दल दोन शब्द. बोलीभाषेची मालिका म्हणजे प्रमाण मराठी लिहून शेवटी 'रं' आणि 'गा' चिकटवायचे, हा रोग जुना आहे. बोली क्रियापदात आणि विभक्तीत असते. वऱ्हाडीत मले-तुले, 'काऊन'. मालवणीत माका-तुका, 'खंय'. कोल्हापूरकडच्या बायका 'मी येतो, मी करतो' म्हणतात, आणि मुंबईचा क्रिएटिव्ह ते टायपिंगची चूक समजून 'येते' करतो. पहिल्याच पंधरवड्यात पात्रागणिक बोलीचं एक पान करून सगळ्यांना द्यावं: कोण पूर्ण बोलीत, कोण शहरात शिकून आल्यामुळे मिश्र, कोण पाहुण्यांसमोर प्रमाण बोलतं. नाहीतर एकाच घरातली तीन भावंडं तीन तालुक्यांतली वाटतात.

आणि वाक्य छोटं. कलाकाराला पान सीनच्या आधी अर्धा तास मिळणार आहे हे धरून लिहायचं. तीन ओळींच्या वर गेलेलं वाक्य प्रॉम्प्टिंगवर जातं आणि नजर समोरच्या पात्राऐवजी बाजूला जाते. पडद्यावर कळतं ते.

तिथीवार
सणांवर कोणीच लिहिलं नाही? मराठी मालिकेचं वर्ष पंचांगावर चालतं. संक्रांतीचं हळदीकुंकू, गुढीपाडवा, वटपौर्णिमा, मंगळागौर, गणपती, नवरात्र, दिवाळी पाडवा. हे भाग तीन-चार आठवडे आधी लिहावे लागतात, कारण सजावट, दागिने, ज्युनिअर आर्टिस्ट, नऊवाऱ्या यांची जुळवाजुळव असते. मध्येच एक तासाचा विशेष भाग ठरला की गोष्ट एक दिवस पुढे सरकते आणि वटपौर्णिमेचं लिहिलेलं आदल्या दिवशीच लागतं. उपाय: सणाच्या दोन दिवस आधी एक 'सुटा' सीन ठेवायचा, जो काढला किंवा वाढवला तरी गोष्टीला धक्का लागणार नाही.

दुसऱ्या भाषेतून आलेल्या मालिकेत पंचांगच दगा देतं. उत्तरेचे महिने पौर्णिमेला संपतात, आपले अमावास्येला. त्यांचा श्रावण आपल्या पंधरा दिवस आधी लागतो. त्यांचं वटसावित्रीचं व्रत अमावास्येला, आपलं त्यानंतरच्या पौर्णिमेला. तमिळ मालिकेत 'आडी महिन्यात लग्न नको' हा अख्खा ट्रॅक असू शकतो. मराठीत त्याला तसा आधार नाही, चातुर्मास घालून काम भागवावं लागतं. बंगालीतल्या जमाईषष्ठीला जोड म्हणावी तर आपल्याकडे अधिक महिन्यातलं जावयाचं वाण, पण अधिक महिना जवळजवळ तीन वर्षांनी येतो. अशा जागी प्रसंग भाषांतरित करत बसू नये. प्रसंगाचं काम काय होतं (जावयाचा अपमान? सासूची कबुली?) ते पकडून आपल्याकडचा वेगळा प्रसंग उभा करावा.

आणखी एक सापळा. मूळ मालिका संपते, आपली चालूच राहते. 'आई कुठे काय करते' ज्या बंगाली 'श्रीमयी'वरून आली ती २०२१ मध्ये संपली, मराठी २०२४ च्या अखेरपर्यंत चालली. म्हणजे पुढची जवळजवळ तीन वर्षं कथाविस्तारच कथा झाला. अशा कामाचा करार करताना हे आधीच बोलून घ्या.

हिशेबनीस
कराराचा विषय निघालाच आहे तर.

मानधन भागावर ठरतं. भाग म्हणजे काय, हे मात्र लिहून घेतलेलं नसतं. एक तासाचा महाएपिसोड एक मोजणार की दोन? लिहिला पण वाहिनीने नाकारला, त्याचे पैसे मिळणार का? लिहून दिल्यावर पैसे की प्रक्षेपण झाल्यावर? बिलानंतर ९० दिवसांचं चक्र हा या धंद्यातला जुना रिवाज. ९० दिवस कोणत्या तारखेपासून मोजायचे ते करारात हवं. मालिका बंद झाली तर शेवटच्या तीन महिन्यांचं येणं अडकतं ते इथेच. काढून टाकण्याची सूचना किती दिवसांची, आणि हाच काळ दोन्ही बाजूंना लागू आहे का? बहुतेक मसुद्यांत लेखकाला ३० दिवस आणि निर्मात्याला शून्य असतं. दुसरीकडे काम करायला बंदी असेल तर महिन्याला किमान किती भागांचे पैसे, हे मागा.

श्रेय: नाव कुठे, कोणत्या शब्दांत, आणि लेखक बदलल्यावर 'मूळ संकल्पना' कोणाच्या नावावर राहणार? कॉपीराइट कायद्याच्या कलम ५७ प्रमाणे लेखक म्हणून ओळखलं जाण्याचा हक्क कॉपीराइट दुसऱ्याला दिला तरी तुमच्याकडेच राहतो. पण करारात श्रेय स्पष्ट लिहिलेलं असलं की भांडावं लागत नाही.

हक्क: करारात मुदत लिहिलेली नसेल तर कायद्याने हस्तांतर पाच वर्षांचं आणि प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरतं मानतात. म्हणूनच मसुद्यात 'कायमस्वरूपी, जगभर' हे शब्द आधीपासून छापलेले असतात. २०१२ च्या दुरुस्तीनंतर चित्रपटगृहाबाहेरच्या वापरासाठी लेखकाचा रॉयल्टीतला समान वाटा करारानेही काढून घेता येत नाही. तो फक्त वारसांना किंवा कॉपीराइट संस्थेला देता येतो. तरीही 'एकरकमी, पुढे काही मागणार नाही' असं कलम सर्रास दिसतं. सही करण्याआधी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचा नमुना करार शेजारी ठेवून वाचा. सदस्यत्व मराठी लेखकांनाही मिळतं, संहितेची नोंदणी ऑनलाइन होते आणि वाद झाल्यास त्यांची तक्रार समिती आहे. नोंदणी म्हणजे तारखेचा पुरावा, एवढंच. 'दोन जावांची गोष्ट' ही कल्पना कोणाच्या मालकीची होत नाही, तुम्ही लिहिलेली पानं होतात. म्हणून एका ओळीची कल्पना नोंदवू नका, पंधरा-वीस पानं नोंदवा.

मानधनातून १० टक्के टीडीएस कापला जातो. वर्षाची उलाढाल २० लाखांवर गेली की जीएसटी नोंदणी लागते.

कोरा_कागद
सगळेच प्रतिसाद जपून ठेवावेत असे. आता शिरकाव. 'मला लिहायचंय' म्हणून निर्मिती संस्थेला मेल केला तर कोणी उघडतं का?

घोडबंदर
क्वचित. रस्ते तीन. पहिला, चालू संवादलेखकाचा सहायक. इथे श्रेयाचा प्रश्न पहिल्याच दिवशी विचारा. सहा महिने दुसऱ्याच्या नावावर लिहिलं तर सातव्या महिन्यात दाखवायला काही नसतं. दुसरा, निर्मिती संस्थेत क्रिएटिव्ह म्हणून. पगार कमी, पण बैठकीत बसायला मिळतं आणि वनलाइनर का नाकारले जातात ते कळतं. तिसरा, एकांकिका. पुण्याचा पुरुषोत्तम करंडक असो की मुंबईची 'सवाई' एकांकिका स्पर्धा, तिथे मालिकावाली मंडळी येतात आणि संवाद कानावर पडलेल्या माणसाला फोन जातो. मात्र एकांकिकावाल्याची खोड अशी की तो प्रत्येक सीन संपवतो. मालिकेत सीन संपवायचा नसतो, दाराशी आणून सोडायचा असतो.

नमुना मागितला तर मोठी संकल्पना पाठवू नका. चालू मालिकेचा एक भाग घ्या, पुढच्या सहा भागांचे वनलाइनर आणि त्यातल्या एकाचे पूर्ण संवाद लिहा. त्या मालिकेत जेवढे सेट आहेत तेवढेच वापरा. नवं स्थळ आणि नवं पात्र न आणता सहा भाग काढता येतात की नाही, हेच वाचणारा बघतो.

फाइल युनिकोडमध्ये आणि सोबत पीडीएफ. जुन्या फॉन्टमध्ये टाइप केलेलं दुसऱ्याच्या फोनवर उघडलं की नुसती चिन्हं दिसतात. अक्षर १४ च्या खाली नको, सेटवर पानं हातात धरून वाचतात. प्रत्येक पानावर भाग, सीन आणि तारीख. सुधारित मसुद्याला 'नवीन', 'अंतिम', 'अंतिम खरं' अशी नावं देऊ नका, आकडा घाला.

तिसरी_घंटा
सरावासाठी काही?

पडद्यामागे
कोणत्याही मालिकेचे सलग सहा भाग वही घेऊन बघा. प्रत्येक सीनला चार गोष्टी: किती सेकंद, किती पात्रं, कोणता सेट, सीनच्या शेवटी कोणाला काय नवीन कळलं. जाहिरातीआधीचं शेवटचं वाक्य वेगळं उतरवा. शनिवारचा शेवट बाकीच्या पाच दिवसांपेक्षा वेगळा असतो, मध्ये रविवार असल्यामुळे. तो कसा बांधलाय ते पाहा. मग सातवा भाग न बघता त्याचा वनलाइनर लिहा आणि सोमवारी ताडून बघा.

सुमीमावशी
हे तर आम्ही रोज करतो. फक्त वही नसते.